हप्ता फिटला, बोजा उतरला का?

गाडीच्या आरसीवर मालकाच्या नावाखेरीज आणखी एका नावासाठी जागा असते. गाडी रोखीने घेतली असेल तर ती कोरी राहते. कर्जाने घेतली असेल तर तिथे बँकेचे, पतसंस्थेचे किंवा फायनान्स कंपनीचे नाव येते, आणि कर्ज फिटले म्हणून ते आपोआप पुसले जात नाही. शेवटचा हप्ता खात्यातून वळता होतो, मोबाइलवर तसा संदेश येतो आणि गाडी ‘आपली झाली’ म्हणून घरात पेढे येतात. बँकेतले कर्जखाते त्यानंतर बंद होते खरे, पण आरटीओच्या दफ्तरी गाडी तारणच राहते. ती नोंद काढायला दोन-तीन कागद, एक अर्ज आणि थोडी फी लागते. तरीही हे काम वर्षानुवर्षे राहून जाते. त्याची आठवण होते ती गाडी विकायला काढल्यावर, चोरीला गेल्यावर किंवा मालकाच्या पश्चात घरच्यांवर कागद चाळायची वेळ आल्यावर.

शेतकरी कुटुंबांना हा प्रकार फार समजावून सांगावा लागत नाही. सातबाऱ्याच्या ‘इतर हक्क’ रकान्यात सोसायटीचा किंवा बँकेचा बोजा चढतो. कर्ज फिटले तरी फेरफार होईपर्यंत तो तसाच दिसतो, आणि जमीन घेणारा आधी तिथेच बोट ठेवतो. आरसीवरची नोंद त्याच जातीची आहे. परिवहन विभाग तिला ‘वित्त बोजा’ म्हणतो, तर आरटीओच्या आवारात तिला ‘एचपी’ म्हणतात. ट्रॅक्टरसाठी कर्ज घेतलेल्यांवर तर अनेकदा दोन्ही बोजे असतात, एक आरसीवर आणि एक सातबाऱ्यावर. ते दोन वेगळ्या कचेऱ्यांत उतरवावे लागतात. सातबाऱ्यावरचा बोजा कमी करण्याचा अर्ज आता महसूल विभागाच्या ‘ई-हक्क’ प्रणालीतून करता येतो. आरसीचा रस्ता परिवहन विभागातून जातो.

मालक कोण, हक्क कोणाचा?

‘कर्ज फिटेपर्यंत गाडी बँकेची’ हे सर्रास ऐकू येणारे वाक्य अर्धेच खरे आहे. मोटार वाहन कायदा, १९८८ मध्ये ‘मालक’ कोणाला म्हणायचे याची व्याख्या आहे. गाडी तारण असेल, तर करारानुसार ती ज्याच्या ताब्यात आहे तोच तिचा मालक, असे ती सांगते. म्हणजे पहिल्या दिवसापासून मालक कर्जदारच. रस्त्यावरचा दंड, विमा, पीयूसी आणि अपघाताची जबाबदारीही त्याचीच. डिसेंबर २०१४ मध्ये एचडीएफसी बँक विरुद्ध कुमारी रेश्मा या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हीच भूमिका घेतली. गाडी कर्जदाराच्या ताब्यात असताना झालेल्या अपघाताची भरपाई केवळ कर्ज दिले म्हणून बँकेच्या माथी मारता येत नाही, असा त्या निकालाचा सारांश आहे.

मग बँकेकडे काय असते? वस्तू ताब्यात न घेता तिच्यावर ठेवलेला तारणहक्क. पूर्वी भाडेखरेदीच्या करारात शेवटचा हप्ता भरेपर्यंत मालकी फायनान्सरकडेच राहत असे. आज घरगुती मोटारींची बहुतेक कर्जे तारणाच्या करारावर दिली जातात. या दोन्ही प्रकारांची आणि भाडेपट्ट्याची नोंद आरसीवर कशी करायची आणि कशी काढायची, हे कायद्याचे कलम ५१ सांगते.

या कलमाचा धाक मोठा आहे. आरसीवर फायनान्सरचे नाव असेपर्यंत त्याच्या लेखी संमतीशिवाय गाडी दुसऱ्याच्या नावावर होत नाही. हप्ते थकले, बँकेने गाडी ओढून नेली आणि कर्जदार आरसी द्यायला तयार नसेल किंवा बेपत्ता असेल, तर त्याला बाजू मांडायची संधी देऊन आरटीओ जुनी आरसी रद्द करू शकते आणि फायनान्सरच्या नावे नवी देऊ शकते. हरवलेल्या आरसीची दुसरी प्रत, पत्त्यातला बदल, गाडी परराज्यात नेण्यासाठीचा ना-हरकत दाखला किंवा सीएनजी किटसारखा फेरबदल यांसाठीही आधी फायनान्सरची ना-हरकत मागावी लागते. इथे कायद्याने कर्जदाराला एक आधार दिला आहे. अशा कामांसाठी अर्ज केल्यावर फायनान्सरने सात दिवसांत दाखलाही दिला नाही आणि नकाराचे कारणही कळवले नाही, तर दाखला दिला असे मानले जाते. बोजा कायमचा उतरवताना मात्र ही सवलत उपयोगाची नाही. तिथे फायनान्सरची सही लागतेच.

बँकेतून काय काय घ्यायचे?

कर्ज मुदतीआधी फेडत असाल तर पहिला कागद म्हणजे फोरक्लोजर स्टेटमेंट. ठरावीक तारखेपर्यंत नेमकी किती रक्कम भरली की खाते शून्य होईल, हे त्यात लिहिलेले असते. तारीख उलटली की रोजचे व्याज वाढते आणि आकडा बदलतो. वाहनकर्जाचा व्याजदर स्थिर असेल तर मुदतपूर्व फेडीचे शुल्क लागू शकते. बदलत्या दराच्या व्यक्तिगत कर्जांवर बँकांनी असे शुल्क घेऊ नये, असे रिझर्व्ह बँकेने २०१४ मध्येच सांगितले आहे. आपले कर्ज कोणत्या प्रकारचे आहे, ते मंजुरीपत्रात पाहावे.

हप्ते मुदतीत संपले तरी खाते शून्य झाले असे गृहीत धरू नये. कधी काळी परत गेलेल्या धनादेशाचा आकार किंवा उशिराचा दंड अशा किरकोळ रकमा खात्यात पडून राहतात आणि शे-दोनशे रुपयांसाठी दाखला अडतो. म्हणून शेवटच्या हप्त्याच्या महिन्यातच खातेउतारा मागवावा आणि प्रत्येक आकार कसला आहे ते विचारावे.

खाते बंद झाल्यावर हाती यायला हवेत असे तीन कागद वेगवेगळे आहेत आणि त्यांची नेहमी गल्लत होते. पहिला ‘नो ड्यूज’ दाखला. आता आपल्याकडून काही येणे नाही, हे बँक त्यात मान्य करते. दुसरी एनओसी. ती आरटीओला उद्देशून असते, आणि गाडीवरची आमची नोंद काढायला हरकत नाही, असे तिच्यात म्हटलेले असते. तिसरा कागद म्हणजे फॉर्म ३५. केंद्रीय मोटार वाहन नियम, १९८९ च्या नियम ६१ नुसार बोजा उतरवण्याचा अर्ज याच नमुन्यात करायचा असतो, आणि त्यावर मालक व फायनान्सर दोघांच्याही सह्या लागतात. करार दोघांनी केला होता, तो संपल्याचेही दोघांनी सांगायचे. नुसता नो ड्यूज दाखला घेऊन आरटीओत गेलेला माणूस हात हलवत परत येतो, तो यामुळेच.

हे कागद घेताना त्यांवरचा गाडीचा क्रमांक, चेसिस व इंजिन क्रमांक आणि मालकाचे नाव आरसीशी अक्षर न् अक्षर जुळवून पाहावे. एका अंकाची चूक झाली तर दाखला परत बँकेत जातो. अनेक बँका एनओसीवर ९० दिवसांची मुदत छापतात. ती टळली की नवा दाखला मागावा लागतो आणि काही ठिकाणी त्याचे शुल्कही पडते. बँकेकडे आपला जुना पत्ता असेल तर पाकीट तिकडेच जाते, म्हणून कर्ज संपण्याआधी पत्ता सुधारून घ्यावा.

कर्ज घेताना आपण बँकेला बरेच काही देऊन आलेलो असतो: कोरे धनादेश, गाडीची दुसरी किल्ली, कधी हस्तांतरणाच्या फॉर्म २९ आणि ३० वर केलेल्या कोऱ्या सह्या. त्यांची यादी करून ते परत मागावे. खात्यातून हप्ता कापण्याचा आदेश रद्द झाल्याची खात्री करावी. जामीनदार असेल तर त्याचीही जबाबदारी संपल्याचे पत्र घ्यावे. त्याने आपल्या शब्दाखातर सही केलेली असते.

आरटीओतले काम

गाडीची नोंदणी जिथे आहे त्या आरटीओत हा अर्ज जातो. मार्च २०२१ मध्ये केंद्र सरकारने आधार पडताळणीवर घरबसल्या करता येतील अशा १८ सेवांची यादी जाहीर केली, तीत बोजा चढवणे आणि उतरवणे ही कामेही होती. ‘परिवहन सेवा’ या सरकारी संकेतस्थळावर गाडीचा क्रमांक आणि चेसिस क्रमांकाचे शेवटचे पाच अंक टाकले की गाडीचे खाते उघडते. तिथे ‘हायपोथिकेशन टर्मिनेशन’ ही सेवा निवडून कागद चढवायचे आणि फी भरायची. फी वाहनाच्या प्रकारानुसार ठरते आणि पडद्यावरच दिसते. काही बँका आता आपली संमती थेट ‘वाहन’ या प्रणालीत पाठवतात. तशी सोय आपल्या बँकेत आहे का, हे आधी विचारले तर कागदांची एक फेरी वाचते.

ऑनलाइन अर्ज अडतो तो बहुधा तीन कारणांनी. पहिले कारण मोबाइल क्रमांक. गाडी घेताना शोरूममधल्या कोणीतरी आपलाच क्रमांक टाकलेला असतो, मग ओटीपी भलत्याच माणसाला जातो. दुसरे नावातला फरक. आधारवर वडिलांच्या नावासह पूर्ण नाव आणि आरसीवर नुसती आद्याक्षरे असली की पडताळणी फसते. तिसरे कारण म्हणजे संपलेला विमा, संपलेली पीयूसी किंवा थकलेली ई-चलने. महाराष्ट्रात आता चौथेही कारण आहे. १ एप्रिल २०१९ पूर्वी नोंदणी झालेल्या गाड्यांना उच्च सुरक्षा नोंदणी पाटी, म्हणजे एचएसआरपी, बसवणे बंधनकारक केले आहे. ती नसेल तर मालकी बदलणे, पत्ता बदलणे आणि वित्त बोजा चढवणे-उतरवणे ही कामे थांबवण्याचे परिवहन विभागाचे धोरण आहे. जुन्या गाडीचा बोजा उतरवायचा असेल तर आधी पाटीची व्यवस्था करावी.

अर्ज मंजूर झाला की फायनान्सरच्या नावाशिवाय नवी आरसी मिळते. स्मार्ट कार्ड येण्याआधीच ‘एमपरिवहन’ किंवा ‘डिजिलॉकर’वर बदल दिसू लागतो, आणि तिथली आरसी कायद्याने कागदी आरसीइतकीच ग्राह्य आहे. काम झाले असे एजंटाने सांगितले तरी या दोन्हींपैकी एका ठिकाणी स्वतः पाहिल्याशिवाय त्याचे पैसे चुकते करू नयेत.

आणखी दोन वह्या

आरटीओतून नाव गेले तरी विमा पॉलिसीवर ते राहते. गाडी तारण असल्याची नोंद पॉलिसीत वेगळ्या कलमाने केलेली असते. गाडी चोरीला गेली किंवा पूर्ण निकामी झाली, तर भरपाईवर पहिला हक्क त्या नोंदलेल्या फायनान्सरचा असतो. कर्ज फिटलेले असूनही पॉलिसीत बँकेचे नाव राहिले तर विमा कंपनी बँकेचा दाखला मागते आणि ऐन अडचणीच्या वेळी दावा लांबतो. नव्या आरसीची प्रत आणि एनओसी विमा कंपनीला पाठवून ही नोंद काढून घ्यावी. नूतनीकरणाची वाट पाहायची गरज नाही.

दुसरी वही पतमाहिती कंपन्यांची, म्हणजे सिबिलसारख्या संस्थांची. १ जानेवारी २०२५ पासून बँकांनी कर्जखात्यांची माहिती त्यांना दर पंधरवड्याला कळवायची आहे. तेव्हा महिना-दीड महिन्याने अहवाल काढून खाते ‘क्लोज्ड’ दिसते का ते पाहावे. तिथे ‘सेटल्ड’ असे लिहिलेले असेल तर त्याचा अर्थ वेगळा होतो: बँकेने काही रकमेवर पाणी सोडून तडजोड केली. पूर्ण रक्कम फेडणाऱ्याने ही नोंद चालवून घेऊ नये, कारण पुढच्या गृहकर्जाच्या वेळी ती आडवी येते. चूक दुरुस्त करण्याची तक्रार ३० दिवसांत निकाली निघाली नाही, तर पुढच्या प्रत्येक दिवसाला १०० रुपये भरपाई तक्रारदाराला द्यावी, असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे.

गाठी कुठे पडतात?

आरसीवर ज्या बँकेचे नाव आहे ती बँकच आता अस्तित्वात नसेल तर? देना बँक आणि विजया बँक १ एप्रिल २०१९ रोजी बँक ऑफ बडोदात विलीन झाल्या. वर्षभराने सिंडिकेट बँक कॅनरात, कॉर्पोरेशन आणि आंध्रा बँक युनियन बँकेत, ओरिएंटल बँक पंजाब नॅशनलमध्ये आणि अलाहाबाद बँक इंडियन बँकेत गेली. जुन्या आरसीवर ही नावे अजून सापडतात. अशा वेळी दाखला विलीन करून घेणारी बँक देते, आणि विलीनीकरणाचा उल्लेख दाखल्यात असलेला बरा. परवाना रद्द झालेल्या सहकारी बँकेचे नाव असेल, तर सही अवसायकाची लागते. पुण्याच्या रुपी बँकेचा परवाना २०२२ मध्ये रद्द झाला, तेव्हा तिचे कामकाज अवसायकाकडेच गेले. लहान फायनान्स कंपनी बंद पडली असेल तर हा शोध आणखी लांबतो. कर्ज फिटल्या फिटल्या बोजा उतरवावा याचे हे सर्वात पटणारे कारण आहे, कारण सही करणारा तोवर जागेवर असतो.

मालकाचे निधन झाले असेल तर वारसांना दोन कामे करावी लागतात. बाकी असलेले कर्ज फेडून किंवा ते आपल्या नावे करून फायनान्सरची संमती घ्यायची, आणि फॉर्म ३१ भरून गाडी नावावर करून घ्यायची. निधनाची माहिती ३० दिवसांत आरटीओला द्यावी आणि तीन महिन्यांच्या आत हस्तांतरणाचा अर्ज करावा, असा नियम आहे. २०२१ पासून आरसीवर वारसाचे नामनिर्देशन करण्याची सोय झाली आहे. बोजा उतरवताना तेही उरकून टाकावे.

सर्वात धोक्याचा प्रकार म्हणजे कर्ज चालू असताना शंभर-पाचशेच्या मुद्रांकावर नोटरी करून गाडी दुसऱ्याला देऊन टाकणे. ‘पुढचे हप्ते तो भरेल’ एवढ्या विश्वासावर व्यवहार होतो. आरटीओच्या लेखी त्याला काही किंमत नाही. हप्ते थकले तर बँक मूळ कर्जदाराच्या दारात येते आणि त्याचीच पत बिघडते. अपघात झाला तर नोंदणीकृत मालक म्हणून भरपाईची जबाबदारीही त्याच्यावरच पडते, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये नवीन कुमार विरुद्ध विजय कुमार या खटल्यात स्पष्ट केले आहे. गाडी विकायचीच असेल तर खरेदीदाराचे पैसे थेट कर्जखात्यात भरून घ्यावेत, एनओसी घ्यावी आणि बोजा उतरवणे व हस्तांतरण हे अर्ज रीतसर करावेत. जुनी गाडी घेणाऱ्यानेही विसार देण्याआधी ‘एमपरिवहन’वर फायनान्सरचे नाव दिसते का, हे पाहावे. विकणाऱ्याने कर्ज फेडलेले असले तरी नाव शिल्लक असेल, तर ते उतरवून देणे त्याचे काम आहे.

बँक चालढकल करत असेल तर

रिझर्व्ह बँकेने १३ सप्टेंबर २०२३ रोजी काढलेला आदेश प्रत्येक कर्जदाराला माहीत असायला हवा. व्यक्तिगत कर्ज पूर्ण फिटल्यापासून ३० दिवसांच्या आत तारणाची मूळ कागदपत्रे परत करावीत आणि नोंदवलेला बोजा काढावा, असे तो सांगतो. बँकेच्या चुकीने उशीर झाला, तर तिने उशिराचे कारण कळवायचे आणि दर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यायची. कागद बँकेकडूनच हरवले असतील तर दुसऱ्या प्रतींसाठी बँकेने मदत करायची, खर्चही सोसायचा. त्यासाठी तिला आणखी ३० दिवस मिळतात. १ डिसेंबर २०२३ पासून हा आदेश लागू आहे. तो सरकारी व खासगी बँकांना, सहकारी बँकांना आणि फायनान्स कंपन्यांनाही बंधनकारक आहे.

याच्या मर्यादाही समजून घ्याव्यात. घरच्या वापरासाठी घेतलेली मोटार व्यक्तिगत कर्जात मोडते. टॅक्सी, टेम्पो, ट्रक यांसारख्या व्यवसायाच्या वाहनांची कर्जे त्या व्याख्येत बसत नाहीत. पतसंस्थांवर रिझर्व्ह बँकेचे नियंत्रण नाही, त्यांच्याविरुद्धची तक्रार सहकार खात्याच्या निबंधकाकडे जाते. त्याच बँकेत दुसरे एखादे कर्ज थकले असेल किंवा आपण कोणाला जामीन राहिलो असू, तर बँक त्याचा दाखला देऊन एनओसी अडवू शकते. तसे कलम करारात खरोखर आहे का, हे पाहून नकार लेखी मागावा. तोंडी नकाराविरुद्ध दाद मागणे अवघड जाते.

तक्रारीची वाट सोपी आहे. आधी बँकेच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याला लेखी कळवायचे आणि पोच ठेवायची. ३० दिवसांत उत्तर आले नाही किंवा आलेले पटले नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे ऑनलाइन तक्रार करायची. तिला फी नाही, वकीलही लागत नाही. माहितीसाठी १४४४८ हा क्रमांक आहे. बोजा काढण्याच्या ३० दिवसांचा हिशोब कर्ज पूर्ण फिटल्याच्या तारखेपासून सुरू होतो, म्हणून ती तारीख बँकेकडून लेखी घ्या आणि एनओसी हाती आली की तिची मुदत संपण्याआधी फॉर्म ३५ दाखल करा.